रिकाम्या कॅमेऱ्याची साक्ष



आजच्या अभ्यासपाठात आपण एका माहितीपटावर चिंतन करणार आहोत. बार्बरा कॉपल या अमेरिकन दिग्दर्शिकेचा ‘हार्लन काउंटी, यूएसए’ हा माहितीपट १९७६ साली प्रदर्शित झाला आणि १९७७ साली त्याला ऑस्कर पुरस्कार मिळाला.

हार्लन काउंटी हा अमेरिकेच्या केंटकी राज्यातील कोळसाखाणींचा डोंगराळ भाग. १९७३ साली तेथील ब्रुकसाइड खाणीतील कामगारांनी खाणकामगारांच्या राष्ट्रीय संघटनेत जाण्याचे ठरवले. कंपनीने संघटनेशी करार करण्यास नकार दिला आणि संप सुरू झाला. कोळशाच्या धुळीने निकामी झालेली फुप्फुसे, नळ नसलेली घरे, पत्र्याच्या टबात अंघोळ करणारे मूल हे सारे आपण पडद्यावर पाहतो. खाणीच्या दारापाशी किती संपकऱ्यांनी उभे राहावे यावर न्यायालयाने मर्यादा घातली, तेव्हा घरातल्या स्त्रिया पहाटे रस्त्यावर उतरल्या. संप वर्षाहून अधिक काळ चालला. ऑगस्ट १९७४ मध्ये गोळी लागून एका तरुण संपकऱ्याचा बळी गेला. त्यानंतर कंपनीने करारावर सही केली.

कॉपल व त्यांचे सहकारी या कुटुंबांबरोबर राहिले. एका पहाटे त्यांच्यावरही हल्ला झाला. पैशांची चणचण असे. कधीकधी कॅमेऱ्यात फिल्म नसतानाही आपण तो घेऊन उभ्या राहत असू, असे कॉपल यांनी पुढे सांगितले. कोणी पाहत आहे हे कळले, की उगारलेला हातही कचरतो.

माहितीपट करणाऱ्याने तटस्थ राहू नये काय, असे कोणी विचारील. कॉपल यांनी कंपनीच्या अधिकाऱ्यांनाही बोलू दिले आणि संपकऱ्यांजवळची शस्त्रे लपवली नाहीत. त्या कामगारांच्या बाजूने उभ्या राहिल्या, पण त्यासाठी सत्याला मुरड घातली नाही. तत्त्वज्ञान शिकताना आम्ही ‘पाहणे’ आणि ‘साक्षी होणे’ यांतील फरकावर पुष्कळ वाद घातला होता. तो फरक या रिकाम्या कॅमेऱ्याने सोपा करून सांगितला.

चांगल्या शोमरोन्याच्या दाखल्यात याजकाने जखमी माणसाला पाहिले, लेव्यानेही पाहिले. थांबला मात्र शोमरोनी. हा दाखला आम्हा याजकांना नेहमीच टोचतो. कामगारांचा न्याय्य वेतनाचा व संघटनेचा हक्क पोप लिओ तेरावे यांनी १८९१ साली ‘रेरुम नोव्हारुम’ या विश्वपत्रात मांडला. तो आपण वाचतो, शिकवतो. पण आपल्याच दारात राबणाऱ्यांपाशी आपण थांबतो का?

चिंतनासाठी प्रश्न :

१. चर्चच्या आवारात झाडलोट व बांधकाम करणाऱ्यांपैकी किती जणांची नावे आपल्याला ठाऊक आहेत?

२. आपल्या घरी काम करणाऱ्या बाईंना आजारपणात पगारी रजा मिळते का?

३. कोणाची मजुरी अडली असेल, तर त्यांच्याबरोबर जाऊन उभे राहायला आपण तयार आहोत का?

तिसऱ्या प्रश्नाला ज्यांचे उत्तर ‘होय’ असेल, त्यांनी मिस्सानंतर आम्हाला भेटावे. आपण बरोबर जाऊ.