संगणकातला बहुरूपी : एम्युलेटर आणि बायोस



गेल्या महिन्यात सहावीतला एक मुलगा पेन ड्राइव्ह घेऊन संगणक कक्षात आला. "सर, जुने गेमबॉयचे खेळ खेळायला ही बायोस फाईल लागते. चालवू का?" फाईल पाहिली. आकार ३ एमबी, नावाच्या शेवटी 'ईएक्सई'. मी ती उघडू दिली नाही. का, ते आज समजून घेऊ.

निन्टेन्डोचे 'गेमबॉय ॲडव्हान्स' हे हातात धरून खेळायचे यंत्र २००१ साली आले. त्यात ३२ बिटचा प्रोसेसर आणि २४० × १६० ठिपक्यांचा पडदा होता. बहुरूपी जसा पोलिसाचे सोंग हुबेहूब वठवतो, तसा एम्युलेटर हा प्रोग्रॅम संगणकावर या यंत्राचे सोंग वठवतो.

यंत्र सुरू होताच त्यातला एक कायमचा छोटा प्रोग्रॅम जागा होतो. तो बोधचिन्ह दाखवतो, कार्ट्रिज तपासतो आणि मग सूत्रे खेळाच्या हाती देतो. भागाकार, वर्गमूळ अशी कामेही तो खेळाला करून देतो. हाच बायोस. त्याचा आकार नेमका १६ केबी, म्हणजे १६ × १०२४ = १६,३८४ बाइट.

आता जुळणी पाहू.

१) 'एमजीबीए' हा मोफत एम्युलेटर त्याच्या अधिकृत संकेतस्थळावरूनच घ्यावा.
२) बायोसची फाईल असल्यास आधी तिचा आकार तपासावा. १६,३८४ बाइट नसेल तर ती या यंत्राची नव्हे. बायोस एम्युलेटर वाचतो. त्यावर आपण दोनदा क्लिक करून तो चालवायचा नसतो. म्हणून 'ईएक्सई' दिसली की सावध व्हावे.
३) सेटिंग्जमधील बायोस विभागात फाईलची जागा दाखवावी.
४) फाईल नसेल तर तिसरी पायरी सोडावी. एमजीबीएमध्ये स्वतःचा पर्यायी बायोस आहे आणि बहुतेक खेळ त्यावर चालतात.

म्हणजे त्या मुलाला ती फाईल मुळात लागतच नव्हती! नको असलेल्या वस्तूसाठी त्याने घरचा संगणक विषाणूच्या तोंडी दिला असता.

पालकांसाठी एक गोष्ट. बायोस आणि खेळ हे कंपनीचे प्रोग्रॅम आहेत. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचे संरक्षण संगणक प्रोग्रॅमलाही आहे. 'फुकट मिळते' म्हणजे 'आपले झाले' असे नव्हे. हौशी मंडळींनी स्वतः रचून सर्वांसाठी खुले केलेले खेळही आहेत. मुलांनी तिथून सुरुवात करावी.

सोडवा : गेमबॉय ॲडव्हान्सच्या पडद्यावर एकूण ठिपके किती? वर्गात सांगा.