जुनं ॲडहेसिव्ह खरवडताना

चि. सागर यास,


डोंबिवलीच्या फ्लॅटचं काम स्वतःच्या नावावर घेतलंस, बरं वाटलं. फोनवर म्हणालास की टाइल्स निघाल्या, पण मागचं ॲडहेसिव्ह हलत नाही आणि मालकाला भिंत ‘पार चकाचक’ हवी आहे. हा हट्ट त्याचा असला तरी तू डोक्यात घेऊ नकोस. नव्या टाइलला घट्ट, सपाट आणि धूळ नसलेली जागा लागते, चकाचक नव्हे. जुना थर सिमेंटचा असेल, भिंतीला धरून असेल आणि मिलिमीटर-दोन मिलिमीटरच उरला असेल, तर त्यावरच नवं काम खुशाल उभं राहतं. उंचवटे काढ, उरलेलं राहू दे.

काय धरून आहे हे हातोडीच्या दांड्यानं ठोकून कळतं. टणक आवाज आला तर सोड. बद्द आवाज आला तर तिथला गिलावाही सुटलाय, तो आज ना उद्या पडणारच, आत्ताच पाड. हॉलच्या भिंतीला जिप्समचा गिलावा असेल तर छिन्नीचं मशीन लावूच नकोस. ॲडहेसिव्हबरोबर तो पोपड्यासारखा निघतो. तिथे तो पट्टाच काढून सिमेंटचा गिलावा करणं स्वस्त पडतं.

मशीन लावशील तिथे रुंद छिन्नी लाव आणि ती आडवी धर, भिंतीशी अगदी लहान कोन करून. उभी धरलीस की ॲडहेसिव्ह राहतं बाजूला, भिंतीलाच खड्डे पडतात. कोपऱ्यात आणि नळाजवळ मशीन बंद, हातोडी-छिन्नी. सीपीव्हीसीचे पाइप आणि वायरिंगची नळी कुठून गेली आहे ते आधी खडूनं आखून घे. मालकाला विचारून नव्हे, नळ आणि बोर्ड बघून. मालकांना काही आठवत नसतं.

बाथरूमची जमीन वेगळी. तिथे टाइलखाली कोबा आणि वॉटरप्रूफिंग आहे, आणि त्याखाली दुसऱ्याचं छत. वरचा थर निघाला की हात आखडता घे. नहाणी ट्रॅपचं तोंड आधी चिंध्यांचा बोळा घालून बंद कर, नाहीतर मालाचा चुरा आत जाऊन घट्ट बसेल. काम झालं की पाणी भरून दोन दिवस ठेव आणि खालच्यांच्या घरी जाऊन छत बघून ये. टाइल लावल्यावर गळती सापडली तर तुझा सगळा नफा त्यातच जातो.

ॲसिड कोणी सुचवेल. ते सिमेंट खातं हे खरं, पण जुनं ॲडहेसिव्ह कुठलं आणि खालचा कोबा कुठला हे त्याला कळत नाही. शेजारी कोटा किंवा शहाबाद असेल तर त्याचाही तोंडवळा जातो. हॉलमध्ये आधी पीव्हीसीचं फ्लोअरिंग चिकटवलेलं असेल तर खाली गम असतो. त्याला ग्राइंडर लावलास तर तो वितळून चाकावर बसतो. हीट गननं मऊ कर आणि पत्र्याच्या खरवडणीनं ओढ. शेवटी जमिनीवर थोडं पाणी शिंपड. शोषलं तर जागा तयार. थेंब तसेच उभे राहिले तर गम अजून आहे.

आता धुळीचं. पोरं तोंडाला रुमाल बांधतात आणि ग्राइंडर फिरवतात. या धुळीत सिलिका असते, आणि तिचे बारीक कण रुमालातून सरळ आत जातात. सिलिकोसिसवर औषध नाही, आणि 1997 मध्ये आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्थेनं या धुळीला कर्करोग करणाऱ्या पदार्थांच्या पहिल्या गटात टाकलं. एन-95 मास्क दे, रोज नवा, आणि तो खर्च कोटेशनमध्ये लिही. ग्राइंडरला धूळ ओढणारं झाकण आणि व्हॅक्यूम भाड्यानं मिळतो. छिन्नीचं काम असेल तिथे आधी पाणी मारून घे. पण विजेच्या ग्राइंडरवर पाणी ओतू नकोस. आणि हो, चष्मा. दाढीवाल्या पोरांना मास्क नीट बसत नाही हेही बघ.

राडारोडा गोण्यांत भर, जिन्यात सांडू देऊ नकोस. रस्त्यावर किंवा गटारात टाकायला तर कायद्यानंच बंदी आहे. लिफ्ट वापरू देतात का हे सेक्रेटरीला आधी विचार. गोण्या जिन्यानं उतरवायच्या असतील तर त्याची मजुरी आणि टेम्पोचं भाडं खरवडण्याच्या दरात मिसळू नकोस, वेगळी ओळ घाल. आणि हे सगळं शुक्रवारच्या आत मालकाच्या सहीनं घे.

ताईला नमस्कार सांग.

तुझा,
मामा