पत्र्याचं शेड आणि आपली शेळी : उन्हाळ्याआधी एवढं करा

मैत्रिणींनो, आपल्या जिल्ह्याच्या जुन्या नावाची उस्मानाबादी शेळी काटक असते. तरीही एप्रिल-मे महिन्यात पारा चाळिशी ओलांडतो, तेव्हा पत्र्याखाली तिची तलखी होते. शेळी चारा सोडते, दूध आटतं, करडं दगावतात. कर्ज काढून घेतलेली शेळी गेली, तर शेळी जाते आणि हप्ता तेवढा मागे राहतो.

शेड का तापतं?
पत्रा उन्हाने तापतो आणि ती धग खाली फेकतो. गरम हवा वर चढते. वर वाट नसली की ती आत कोंडते. त्यात मुताचा उग्र वास साठतो, डोळे चुरचुरतात. म्हणून दोन कामं करायची : पत्रा तापू द्यायचा नाही आणि हवा खेळती ठेवायची.

काय करायचं?

१. पत्रा धुऊन वरून चुन्याचा पांढरा हात द्या. पांढरा रंग ऊन परतवतो. पावसात चुना धुऊन जातो, म्हणून दरवर्षी फेब्रुवारी-मार्चमध्ये पुन्हा द्या. अहमदाबादच्या वस्त्यांतही बायकांनी घरांची छतं अशीच पांढरी करून घेतली आहेत.

२. पत्र्यावर तुराट्या किंवा उसाचं पाचट पसरा. वळवाच्या वाऱ्यात उडू नये म्हणून दोरीने घट्ट बांधा. चूल आणि विजेची वायर यांपासून लांब ठेवा.

३. भिंती छतापर्यंत नेऊ नका. तीन-चार फूट भिंत, वर जाळी. आढ्याजवळ गरम हवेला फट ठेवा. पाऊस आत येऊ नये म्हणून पत्रा थोडा पुढे काढा.

४. नवं शेड बांधत असाल, तर लांबी पूर्व-पश्चिम ठेवा. दुपारचं ऊन आत कमी येतं.

५. दुपारी वाऱ्याच्या बाजूला ओलं पोतं टांगा, समोरची बाजू उघडी ठेवा. दोन्हीकडून पोती लावली तर आत दमट होतं आणि त्रास वाढतो. पाऊस सुरू झाला की पोती काढा.

६. दाटी नको. मोठ्या शेळीला दहा-बारा चौरस फूट जागा लागते. पाणी सावलीत, दिवसभर ठेवा. चरायला सकाळी लवकर आणि ऊन उतरल्यावर न्या.

धोक्याची खूण : शेळी तोंड उघडून धापा टाकते, लाळ गळते, उभं राहता येत नाही. लगेच सावलीत घ्या, अंगावर साधं पाणी टाका, वारा घाला. पशुसखीला बोलवा किंवा १९६२ वर फोन करा.

बैठकीसाठी काम : भर दुपारी दोन वाजता प्रत्येकीने आपल्या शेडात शेळीच्या उंचीला दहा मिनिटं बसून बघा. आपल्याला बसवत नसेल, तर तिलाही बसवत नाही. काय बदल केला आणि खर्च किती आला, ते पुढच्या बैठकीत सांगा. चुना आणि जाळी गटाने एकत्र आणली, तर स्वस्त पडेल.