स्थापना न करता चालणारे प्रोग्राम

वरळीच्या बीडीडी चाळीत एका कुटुंबाच्या वाट्याला १६० चौरस फुटांची एकच खोली येत असे. पुनर्विकासामुळे आता तेथे ५०० चौरस फुटांची घरे मिळू लागली आहेत. तरीही घरात स्वतःचा संगणक प्रत्येक विद्यार्थ्याला लाभतोच असे नाही. तो वाचनालयात, सायबर कॅफेत किंवा मित्राकडे बसून काम करतो आणि परक्या संगणकावर नवा प्रोग्राम बसविण्याची मुभा त्याला नसते. अशा विद्यार्थ्यांस उपयुक्त ठरणाऱ्या एका तंत्राची ओळख आम्ही येथे करून देत आहोत.

विंडोजवर बसविलेला नेहमीचा प्रोग्राम आपल्या फायली निरनिराळ्या फोल्डरांत ठेवतो व रजिस्ट्री या मध्यवर्ती नोंदसंग्रहात नोंदी करतो. म्हणून त्याचे फोल्डर नुसते उचलून दुसऱ्या संगणकावर नेले, तर तो बहुधा चालत नाही. यावर उपाय दोन आहेत.

पहिला उपाय म्हणजे प्रोग्रामने सर्व सेटिंग्ज स्वतःच्याच फोल्डरात ठेवणे. जॉन हॅलर यांनी २००४ साली फायरफॉक्स ब्राउझरची अशी आवृत्ती तयार केली. पुढे पोर्टेबलॲप्स हा संग्रह उभा राहिला. लेखन व हिशेबासाठी उपयोगी पडणारे लिबरऑफिसही त्यात विनामूल्य मिळते.

दुसरा उपाय आभासीकरणाचा. यात प्रोग्राम व संगणक यांच्यामध्ये एक थर असतो. प्रोग्राम रजिस्ट्रीत काही लिहू लागला, की हा थर ते लेखन वेगळ्या फोल्डरात वळवितो. प्रोग्रामचे काम सुरळीत चालते. मूळ संगणक मात्र जसाच्या तसा राहतो. पूर्वी व्हीएमवेअरचे असलेले थिनॲप याच तत्त्वावर चालते.

या तंत्राच्या मर्यादाही ध्यानी घ्याव्यात. प्रिंटरसारख्या उपकरणाचा ड्रायव्हर अशा रीतीने चालविता येत नाही. काही ठिकाणी पेन ड्राइव्हवरील प्रोग्राम चालविण्यासच बंदी असते. तेथे आधी परवानगी घ्यावी. प्रोग्राम मागे खुणा ठेवीत नसला, तरी त्या संगणकात दबा धरून बसलेले सॉफ्टवेअर आपण दाबलेली प्रत्येक कळ टिपू शकते. म्हणून शिष्यवृत्तीच्या अर्जाचा किंवा बँकेचा पासवर्ड परक्या संगणकावर टंकित करू नये.

प्रोग्राम मूळ निर्मात्याच्या संकेतस्थळावरूनच घ्यावा, पेन ड्राइव्हची विषाणू-तपासणी करावी आणि आपल्या कामाची दुसरी प्रत अन्यत्र जपावी. हरवलेला प्रोग्राम पुन्हा मिळतो. वर्षभर लिहिलेला प्रकल्प मिळत नाही.