थर्मोस्टॅट : इंजिनाच्या दारावरचा मेणाचा पहारेकरी

जुन्या मोटारीचे इंजिन वारंवार तापू लागले की एक सल्ला हमखास ऐकू येतो : "थर्मोस्टॅट काढून टाका. तो थंड देशांसाठी असतो. आपल्या उन्हाळ्यात त्याचे काय काम?" सल्ला ऐकायला मोठा तर्कशुद्ध वाटतो. पण तो बरोबर आहे का? या लेखात आपण थर्मोस्टॅट म्हणजे काय, तो बिघडला हे कसे ओळखावे, तो घरी कसा तपासावा आणि कसा बदलावा, हे क्रमाने पाहू. उत्तर त्यातूनच मिळेल.

उदाहरणादाखल आपण मारुती ८०० ही गाडी घेऊ. डिसेंबर १९८३ पासून २०१४ च्या आरंभापर्यंत ती भारतात तयार होत होती. तीन सिलिंडरांचे, ७९६ घनसेंटिमीटरचे, पाण्याने थंड होणारे तिचे इंजिन साधे व सुटसुटीत असल्यामुळे शिकण्यास सोयीचे आहे.

इंजिनाला किती उष्णता हवी?

सिलिंडरात पेट्रोल जळते तेव्हा तेथील वायूंचे तापमान क्षणभर २००० अंश सेल्सिअसच्याही वर जाते. जुन्या पेट्रोल इंजिनात इंधनातील ऊर्जेचा ढोबळ मानाने चौथा हिस्साच उपयुक्त कार्यात उतरतो. उरलेली ऊर्जा धुराबरोबर आणि इंजिनाच्या धातूतून उष्णतेच्या रूपाने बाहेर पडते. धातूत शिरलेली उष्णता वाहून नेण्यासाठी इंजिनाच्या पोकळ भिंतींतून पाणी खेळवतात. पंप हे पाणी फिरवतो, रेडिएटरच्या बारीक नळ्यांत ते हवेने थंड होते आणि पुन्हा इंजिनात येते.

आता समजा, सकाळी गाडी सुरू केली. इंजिन गार आहे. त्याच वेळी रेडिएटरचे थंड पाणी त्यातून फिरू लागले तर ते लवकर तापेल कसे? आणि गार इंजिन चांगले नसते. पेट्रोलची नीट वाफ होत नाही. त्याचे थेंब सिलिंडरच्या भिंतीवरील तेलाचा पातळ थर धुऊन काढतात. तेल दाट राहते, घर्षण वाढते. त्यातच पेट्रोल जळताना पाणी तयार होते. पेट्रोलमधील एक घटक ऑक्टेन हा नमुना म्हणून घ्या. ११४ ग्रॅम ऑक्टेन पूर्ण जळाले की १६२ ग्रॅम पाणी तयार होते. एक लिटर पेट्रोलचे वजन सुमारे ७४० ग्रॅम असते. म्हणजे एक लिटर पेट्रोलपासून जवळजवळ एक लिटर पाणी! इंजिन गरम असेल तर ते वाफ होऊन धुराबरोबर निघून जाते. इंजिन गार असेल तर त्यातील काही भाग आतच साकळतो, तेलात मिसळतो आणि धातू गंजवतो.

म्हणून इंजिन लवकर गरम व्हावे आणि मग त्याच तापमानाच्या आसपास राहावे, यासाठी पाण्याच्या वाटेवर एक आपोआप उघडणारी झडप बसवतात. तीच थर्मोस्टॅट.

झडप उघडतो कोण?

थर्मोस्टॅट हा शब्द स्कॉटिश रसायनशास्त्रज्ञ अँड्र्यू यूर यांनी १८३० साली प्रचारात आणला. त्यांचे उपकरण दोन धातूंच्या जोडपट्टीवर चालत असे. मोटारींत पूर्वी सहज वाफ होणारा द्रव भरलेल्या भात्यासारख्या डब्या वापरत. पुढे शीतनाच्या पाण्यावर दाब ठेवण्याची पद्धत आली. बाहेरच्या दाबाने या डब्या चेपल्या जात व चुकीच्या तापमानाला उघडत. त्यांची जागा मेणाच्या थर्मोस्टॅटने घेतली.

त्याची रचना अशी असते : पितळेच्या लहानशा मजबूत डबीत विशिष्ट प्रकारचे मेण भरलेले असते. मेण उष्णतेचे मंदवाहक आहे, म्हणून त्यात तांब्याची पूड मिसळतात. डबीत रबराच्या वेष्टनात एक पोलादी दांडी खोवलेली असते. पाणी ठरावीक तापमानाला पोचले की मेण वितळू लागते, प्रसरण पावते आणि दांडीला बाहेर रेटते. दांडीचे दुसरे टोक चौकटीला टेकलेले असल्याने डबीच मागे सरकते व तिला जोडलेली झडप उघडते. पाणी थंड झाले की मेण आकसते आणि स्प्रिंग झडप पुन्हा मिटवते.

येथे एक प्रयोग करून पाहा. जुन्या वाटीत मेणबत्तीचे तुकडे घाला, ती वाटी गरम पाण्याच्या भांड्यात ठेवून मेण वितळू द्या आणि काठाशी पातळीची खूण करा. मेण गोठल्यावर मध्यभागी खळगा पडलेला दिसेल. पाणी गोठताना फुगते. मेण मात्र गोठताना आकसते आणि वितळताना फुगते. हे प्रसरण सुमारे दहा ते पंधरा टक्के असते. डबी बंद असल्याने त्यातून मोठे बल निर्माण होते. वीज नाही, तार नाही, चालक नाही; केवळ पदार्थाच्या अवस्थांतराने हे काम चालते.

पाणी फार तापले तर झडप अधिक उघडते आणि पाणी थंड होते. ते फार थंड झाले तर झडप मिटते आणि पाणी तापते. परिणामच कारणाला आवर घालतो. आपल्या शरीराचे तापमानही याच तत्त्वाने राखले जाते.

एक गोष्ट नीट लक्षात घ्या. थर्मोस्टॅट इंजिनाला थंड करत नाही. तो त्याला गरजेपेक्षा थंड होऊ देत नाही. झडप पूर्ण उघडली की त्याचे काम संपले. त्यापुढे तापमान किती चढेल हे रेडिएटर, पंखा, पंप आणि पाण्याची पातळी यांवर अवलंबून असते.

बिघाड ओळखण्याची रीत

थर्मोस्टॅट दोन प्रकारे बिघडतो. तो मिटलेला अडकला तर इंजिन काही मिनिटांतच तापते. अशा गाडीने पुढे जाऊ नये. सिलिंडरचे डोके वाकण्याचा धोका असतो. तो उघडा अडकला तर तापमानाचा काटा लांबच्या प्रवासातही वर येत नाही आणि पेट्रोल अधिक लागते. हा दुसरा बिघाड गाजावाजा करत नाही, म्हणून तो वर्षानुवर्षे तसाच राहतो.

तपासणी गार इंजिनापासून सुरू करावी. आधी पाण्याची पातळी पाहावी. मग मोठ्या माणसाने इंजिन सुरू करावे. रेडिएटरकडे जाणाऱ्या वरच्या होजपाइपला अधूनमधून बोट क्षणभर टेकवावे. पट्टा आणि पंखा यांपासून हात, बाह्या व केस दूर ठेवावेत. थर्मोस्टॅट ठीक असेल तर पाइप काही मिनिटे गार राहतो आणि मग थोड्याच वेळात गरम होतो. पाइप पहिल्यापासून हळूहळू कोमट होत गेला, तर झडप उघडी अडकली असावी. काटा वर चढला तरी पाइप गारच असेल, तर ती मिटलेली अडकली असावी. पाइप आणि रेडिएटर दोन्ही गरम असूनही काटा चढत असेल, तर थर्मोस्टॅटवर आळ घेण्यापूर्वी पंखा फिरतो का आणि रेडिएटर तुंबला आहे का, हे पाहावे.

सावधान!

गरम इंजिनाच्या रेडिएटरचे टोपण कधीही उघडू नका. अनेक गाड्यांच्या टोपणावर ०.९ असा आकडा असतो. याचा अर्थ आतील दाब बाहेरच्या हवेपेक्षा दर चौरस सेंटिमीटरला ०.९ किलोग्रॅमपर्यंत अधिक ठेवला जातो. या दाबाखाली साधे पाणीसुद्धा सुमारे ११८ अंशांपर्यंत उकळत नाही. टोपण उघडताच दाब उतरतो, उत्कलनबिंदू एकदम १०० अंशांच्या आसपास येतो, आणि तोवर शांत असलेले पाणी क्षणार्धात उसळून तोंडावर येते. अशा भाजण्याने डोळे जाऊ शकतात. इंजिन काही तास बंद ठेवून हाताला पूर्ण गार लागेल तेव्हाच काम सुरू करावे.

दुसरी गोष्ट : कूलंटमध्ये बहुधा इथिलीन ग्लायकॉल असते. ते विषारी असून चवीला गोड असते. लहान मुले आणि कुत्री-मांजरे ते पिण्याची भीती असते. ते उघड्यावर ठेवू नये, गटारात ओतू नये आणि नळीने तोंडाने ओढू नये.

बदलण्याचा क्रम

हे काम घरातील जाणत्या माणसाबरोबर करावे. गाडी सपाट जागी उभी करून हातब्रेक लावावा. बॅटरीची ऋण तार सोडवावी, म्हणजे विजेचा पंखा अचानक फिरणार नाही. रेडिएटरखाली स्वच्छ घमेले ठेवून पाणी थोडे उतरवावे. वरच्या होजपाइपची क्लिप सैल करून पाइप काढावा. पाइप जेथे इंजिनाला मिळतो तेथे बोल्टांनी बसवलेले एक लहान झाकण असते. काही गाड्यांत ही जागा वेगळी असते, म्हणून गाडीची पुस्तिका पाहावी. बोल्ट काढून झाकण उचलले की थर्मोस्टॅट दिसतो. तो कोणत्या बाजूने बसला आहे, याचे लगेच चित्र काढून ठेवा.

आता निकाल देण्यापूर्वी चाचणी घ्या. स्वयंपाकात पुन्हा वापरायचे नाही असे भांडे घ्या. थर्मोस्टॅट धुऊन, झडप बोटांनी किंचित उघडून तिच्या फटीत दोरा धरवा आणि दोऱ्याने तो पाण्यात लोंबता ठेवा. तो तळाला टेकता कामा नये. शेजारी प्रयोगशाळेतील ११० अंशांपर्यंतचा तापमापक धरा. तापाचा तापमापक येथे चालणार नाही. पाणी ढवळत हळूहळू तापवा. झडप उघडताच दोरा सुटेल व थर्मोस्टॅट खाली पडेल. ते तापमान टिपून घ्या आणि थर्मोस्टॅटवर कोरलेल्या, ८२ किंवा ८८ अशा आकड्याशी ताडून पाहा. दोन-तीन अंशांचा फरक चालतो. पाणी उकळू लागले तरी झडप उघडली नाही, किंवा पाणी गार असतानाच ती उघडी असेल, तर थर्मोस्टॅट निकामी झाला आहे. नवा थर्मोस्टॅटही बसवण्यापूर्वी असाच तपासावा.

नवा थर्मोस्टॅट जुन्याच आकड्याचा घ्यावा. जुन्या पॅकिंगचे कण खरवडून दोन्ही पृष्ठभाग स्वच्छ करावेत. अॅल्युमिनियमवर ओरखडे पडू देऊ नयेत. मेणाची डबी जुन्याप्रमाणेच, म्हणजे या रचनेत इंजिनाकडे, आली पाहिजे. उलटा बसवल्यास तिला गरम पाणी लागणार नाही व झडप वेळेवर उघडणार नाही. हवा जाण्यासाठी बारीक छिद्र असल्यास ते वरच्या बाजूस ठेवावे. नवे पॅकिंग घालून बोल्ट आळीपाळीने, बेताने आवळावेत. पान्यावर जोर दिला तर आटे जातात.

शेवटी डिस्टिल्ड पाणी व कूलंट पुस्तिकेत दिलेल्या प्रमाणात सावकाश भरावे. बॅटरी जोडून, इंजिन गार असतानाच आणि टोपण उघडे ठेवून ते सुरू करावे. बुडबुडे निघतील व पातळी खाली जाईल, तसतशी भर घालावी. आत हवा राहिली तर नवा थर्मोस्टॅटही नीट चालणार नाही. वरचा पाइप गरम होऊ लागला व बुडबुडे थांबले की टोपण लावावे. पंखा आपोआप सुरू होईपर्यंत थांबून गळती नाही ना, ते पाहावे. दुसऱ्या दिवशी गार इंजिनात पातळी पुन्हा तपासावी.

मग सल्ल्याचे काय?

नागपूरच्या कडक उन्हाळ्यात हवा ४५ अंशांवर गेली, तरी ती ८२ अंशांपेक्षा ३७ अंशांनी थंडच असते. वेगाने जाणाऱ्या गाडीचे इंजिन तेथेही गरजेपेक्षा थंड राहू शकते. थर्मोस्टॅट काढला तर ताप थांबल्यासारखा वाटेल, पण तुंबलेला रेडिएटर तसाच राहील. शिवाय अनेक इंजिनांत थर्मोस्टॅट उघडताना पाण्याची आडवाट बंद करतो. तोच काढून टाकला तर गरम पाण्याचा काही भाग रेडिएटरकडे न जाता त्या आडवाटेनेच फिरत राहतो, आणि थंड होण्याऐवजी इंजिन अधिक तापते! थर्मोस्टॅट अडकला असेल तर तो बदलावा. चांगला असेल तर खरे कारण शोधावे. पहारेकऱ्याला हाकलून घर सुरक्षित होत नाही.

विचार करा

१. ८२ ऐवजी ७१ अंशांचा थर्मोस्टॅट बसवला, तर तुंबलेल्या रेडिएटरमुळे तापणारे इंजिन सुधारेल का? का?

२. महाबळेश्वर समुद्रसपाटीपासून सुमारे १३७० मीटर उंचीवर आहे. तेथे उघड्या भांड्यात पाणी किती अंशांना उकळेल? ९५ अंशांना पूर्ण उघडणारा थर्मोस्टॅट तेथे या रीतीने तपासताना कोणती अडचण येईल?

३. वरील चाचणी पाच वेळा घेऊन उघडण्याच्या तापमानांची सरासरी काढा. पाणी भराभर तापवले तर आकडा बदलतो का? बदलत असल्यास त्याचे कारण वर्गात चर्चा करून शोधा.