शिळी भाकरी आणि चक्का

वऱ्हाडातील शेतकऱ्याच्या घरी रात्रीची जेवणे आटोपली की टोपल्यात दोन-तीन भाकरी उरतात. त्या चुकून उरलेल्या नसतात. मुद्दामच अधिक थापलेल्या असतात. दिवस उगवण्यापूर्वी शेतावर जाणाऱ्या माणसाची न्याहारी त्यांवरच व्हायची असते. जेथे धान्य मापाने मोजून काढले जाते, तेथे भाकरीचा तुकडा टाकून द्यावा हे कोणाच्या मनातही येत नाही. संत गाडगेबाबा याच मुलखातले. अमरावती जिल्ह्यातील शेंडगाव येथे १८७६ साली त्यांचा जन्म झाला. एखाद्या गावी गेले की ते प्रथम हाती खराटा घेऊन गाव झाडीत, आणि मगच कोणी दिलेली चटणी-भाकरी आपल्या फुटक्या गाडग्यात घेऊन खात. ती भाकरी ताजी आहे की शिळी, याची त्यांनी कधी चौकशी केली नाही.

तथापि शिळी भाकरी खाणे सोपे नसते. तव्यावरून उतरलेली ज्वारीची भाकरी मऊ व लुसलुशीत असते. रात्रभरात ती ताठ होते आणि घासाला कोरडी लागते. भाकरी वाळल्यामुळे असे होते, असे पुष्कळांना वाटते. परंतु ते पूर्णपणे खरे नाही. झाकून ठेवलेली भाकरीही ताठ होतेच. ज्वारीच्या पिठात पिष्टमय पदार्थ पुष्कळ असतो. गव्हाच्या कणकेला जो चिवटपणा असतो तो या पिठाला नसतो. म्हणून ते कढत पाण्यात भिजवून मळावे लागते. कढत पाण्याने पिष्टाचे कण फुगतात, चिकट होतात आणि भाकरी थापता येते. भाकरी गार झाली की हेच कण पुन्हा आवळून बसतात व आतले पाणी घट्ट धरून ठेवतात. शिळ्या भाकरीचा ताठरपणा तो हाच. तिला पुन्हा आच दिली की कण सैल होतात, आणि आच थोडी अधिक वेळ दिली तर पाणी निघून जाऊन भाकरी कुरकुरीत होते.

शिळ्या भाकरीवरचा हा उपाय वऱ्हाडापासून हजारो मैलांवर राहणाऱ्या लोकांनाही सापडलेला आहे. युरोपच्या दक्षिणेस भूमध्य समुद्र पसरला आहे. त्याच्या काठी इटली, ग्रीस, लेबॅनन इत्यादी देश आहेत. तेथील शेतकऱ्यांचे मुख्य अन्न पाव. पावही दुसऱ्या दिवशी असाच ताठ होतो. इटलीतील शेतकरी त्याचे काप निखाऱ्यावर भाजतो, त्यांवर लसणाची पाकळी घासतो आणि ऑलिव्हचे तेल व मीठ घालून खातो. या पदार्थास तेथे 'ब्रुस्केत्ता' म्हणतात. निखाऱ्यावर भाजणे या अर्थाच्या शब्दावरून हे नाव पडले आहे. ग्रीसमधील क्रीट बेटावर सातूच्या पिठाचा कडक पाव किंचित ओला करून त्यावर टोमॅटोचा कीस व मऊ पांढरे चीज घालतात. लेबॅननमध्ये चीजऐवजी बहुधा 'लबने' असते. लबने म्हणजे फडक्यात बांधून टांगलेले दही. हे वाचून कोणाही मराठी मुलास हसू येईल, कारण हा तर आपल्या घरचा चक्का!

फरक एवढाच की चक्का म्हटला की आपल्याला श्रीखंड आठवते आणि हात साखरेच्या डब्याकडे जातो. तिकडे त्यात मीठ घालतात. मीठ घातलेला चक्का प्रथम चमत्कारिक वाटेल, परंतु दुसऱ्या घासाला ती शंका राहत नाही.

पाहुणे आल्यावर, जेवणाची पाने मांडण्यास अवकाश असताना, पुढे ठेवता येईल असा एक पदार्थ या सर्वांतून तयार होतो. चार-पाच माणसांसाठी दोन शिळ्या भाकरी, अर्धा लीटर दही, एक मोठे वांगे, एक पिकलेला टोमॅटो, लसणाच्या पाच-सहा पाकळ्या, दोन हिरव्या मिरच्या, थोडे जवसाचे किंवा शेंगदाण्याचे तेल, मीठ आणि मूठभर सांबार एवढे साहित्य पुरते. वऱ्हाडात कोथिंबिरीला सांबार म्हणतात. पुण्या-मुंबईकडील पाहुण्याला तो शब्द ऐकून इडलीसोबतची आमटी आठवते व त्याचा गोंधळ उडतो, पण बाजारात भाजीवालीचा कधी उडत नाही.

चक्क्याची तयारी आदल्या रात्रीच करावी. दही स्वच्छ, पातळ सुती फडक्यात घालून त्याची पुरचुंडी बांधावी व ती खुंटीला टांगून खाली पातेले ठेवावे. दुधाचे दही होते ते सूक्ष्म जीवाणूंमुळे. ते दुधातील साखरेचे आम्ल बनवितात, आणि त्या आम्लामुळे दुधातील केसीन नावाचे प्रथिन गोठून त्याचे जाळे तयार होते. या जाळ्यात अडकलेले पाणी फडक्यातून हळूहळू ठिबकत राहते. सकाळी फडक्यात दह्याचा सुमारे तिसरा हिस्सा उरतो, तो चक्का. अकोल्यास मे महिन्यात पारा कित्येकदा ४५ अंशांच्या वर चढतो. अशा दिवसांत दही रात्रभर बाहेर टांगल्यास फार आंबते. तेव्हा पुरचुंडी चाळणीत ठेवून ती चाळणी पातेल्यावर बसवून शीतकपाटात ठेवावी. पातेल्यातील पिवळसर पाणी ओतून देऊ नये. त्यात क्षार व थोडी प्रथिने असतात. त्याची कढी चांगली होते.

वांगे भाजण्याची वऱ्हाडाची रीत निराळी आहे. कापूस वेचून झाल्यावर शेतात उभी राहते ती पऱ्हाटी, आणि तुरीची उरते ती तुराटी. या वाळलेल्या काटक्यांच्या जाळात वांगे टाकतात. साल काळी पडून फुटते, आतला गर मऊ होतो आणि धुराचा एक खमंग वास त्यात उतरतो. शहरातील गॅसच्या शेगडीवरही वांगे भाजता येते, पण तो वास येत नाही, हे मान्यच केले पाहिजे. भाजलेल्या वांग्याची साल काढून गर घोटावा. त्यात ठेचलेल्या मिरच्या, बारीक चिरलेला टोमॅटो, मीठ व सांबार घालावा.

या भाजीची एक गंमत सांगण्याजोगी आहे. वांगे हे मूळचे आपल्याच देशाच्या बाजूचे. अरब लोकांनी ते पश्चिमेकडे नेले, आणि भूमध्य समुद्राच्या काठी आज भाजलेल्या वांग्याचे जे अनेक प्रकार होतात, ते या प्रवासानंतरचे. टोमॅटो व मिरची यांचा प्रवास दुसऱ्या दिशेने झाला. त्या अमेरिका खंडातल्या. पंधराव्या शतकाच्या अखेरीस युरोपीय खलाशी तेथे पोचले, आणि त्यानंतरच त्या युरोपात व भारतात आल्या. म्हणजे मिरचीच्या ठेच्यावाचून ज्याला भाकरी गोड लागत नाही, त्या वऱ्हाडी माणसाच्या दूरच्या पूर्वजांना मिरची ठाऊकही नव्हती.

आता भाकरी. तिचे हाताएवढे तुकडे करून ते मंद आचेच्या तव्यावर ठेवावे व फडक्याच्या घडीने दाबावे. घाई केल्यास वरून करपतात व आत ओलसर राहतात. दोन्ही अंगांनी तांबूस ठिपके उमटले आणि बोटाने टिचकी मारल्यावर कडक आवाज आला, म्हणजे तुकडा झाला असे समजावे. भाजण्याचा हा तांबूस रंग व वास पिठातील साखर आणि प्रथिने यांच्या संयोगाने निर्माण होतो. मायार नावाच्या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने १९१२ साली या क्रियेचे वर्णन केले. बुरशी आलेली भाकरी मात्र भाजूनही निर्दोष होत नाही. ती खाऊ नये. चुलीपाशी किंवा शेगडीपाशी हे काम करताना मुलांनी मोठ्या माणसाला जवळ ठेवावे.

तुकडा गरम असतानाच त्यावर सोललेल्या लसणाची पाकळी घासावी. भाजलेला पृष्ठभाग किसणीसारखा खरखरीत झालेला असतो, त्यामुळे लसूण आपोआप झिजून त्यात मुरतो. मग तेलाचे चार थेंब सोडावे, मीठ घातलेला चक्का पसरावा आणि त्यावर चमचाभर वांगे ठेवावे. हे सारे वाढण्याच्या वेळीच करावे. आधी करून ठेवल्यास भाकरी चक्क्यातील पाणी शोषून घेते आणि सगळी मेहनत फुकट जाते.

ताटातील हा तुकडा नीट पाहिला तर त्यात एक अख्खे शेत दिसते. ज्वारीच्या दाण्याची भाकरी झाली. दाणा काढून घेतल्यावर उरलेला कडबा गाईम्हशींनी खाल्ला, त्याचे दूध झाले व दुधाचा चक्का झाला. पऱ्हाटी आणि तुराटी यांनी जाळ दिला. बांधावरच्या वाफ्यातून वांगे आले. कोणतीही वस्तू दुरून आणावी लागली नाही, आणि जे उरले त्याचाही काही उपयोग झाला. शेतकऱ्याच्या घरी हे कोणी जुळवून आणलेले नव्हते. एकातून दुसरे निघत गेले.

ही साखळी आज वऱ्हाडात बरीच तुटली आहे. गेल्या शतकाच्या शेवटच्या दशकापासून ज्वारीच्या शेतांत सोयाबीन येऊ लागले. ते लवकर हाती येते, त्याचा पैसा होतो, आणि पाखरांपासून ज्वारी राखण्यासाठी गोफण घेऊन माचाणावर बसण्याचे कष्टही त्यात नाहीत. शेतकऱ्याने ते पेरले यात त्याचा दोष काढता येणार नाही. परंतु सोयाबीनची भाकरी होत नाही, आणि त्याच्या कुटाराला कडब्याची सर येत नाही. कडबा कमी झाला तशी पुष्कळ गोठ्यांतील जनावरेही कमी झाली. ज्या गावात प्रत्येक घरी ज्वारीची कणगी असे, तेथे आता कित्येकजण ज्वारी बाजारातून किलोने आणतात आणि दूध पिशवीतून. भाकरी मात्र अजून थापली जाते. सणाच्या दिवशी पोळ्या झाल्या तरी घरातील म्हातारी माणसे विचारतात, "भाकर नाही का केली?"

अभ्यास

१. शिळी भाकरी ताठ का होते? भाजल्यावर ती कुरकुरीत का होते?
२. लबने आणि चक्का यांत साम्य कोणते व फरक कोणता?
३. वांगे आणि मिरची यांचे प्रवास उलट दिशांनी कसे झाले, ते नकाशा पाहून सांगा.
४. तुमच्या घरातील वडील माणसांना विचारून लिहा : त्यांच्या लहानपणी घरी कोणत्या धान्याची भाकरी होत असे? ते धान्य कोठून येत असे? उरलेल्या भाकरीचे काय करीत?