लॉटरीचे बक्षीस लागले, पण ते कुणाचे?

पाच सहकाऱ्यांनी वीस-वीस रुपये काढून शंभराचे तिकीट घेतले आणि ते एकाच्या पाकिटात राहिले. बक्षीस लागले नाही तर कुणी विचारतही नाही. लागले, की तिकीट कुणाचे आणि पैसे कुणाचे, हा वाद सुरू होतो.

रायपुरात लॉटरी कुठे, असे तुम्ही म्हणाल. खरे आहे, छत्तीसगडची स्वतःची लॉटरी नाही. पण आपल्यापैकी अनेकांचे नातेवाईक गोंदिया-नागपूरकडे आहेत, आणि येता-जाता महाराष्ट्र राज्य लॉटरीचे तिकीट खिशात येते.

कायद्याच्या दृष्टीने तिकीट म्हणजे काय? सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये सनराइज असोसिएट्स प्रकरणात सांगितले की ते विकत घेतलेली वस्तू नसून केवळ हक्क आहे: क्रमांक लागला तर बक्षीस मागण्याचा. हा हक्क सिद्ध करायला आपल्या हातात त्या कागदाशिवाय दुसरे काही नसते. म्हणून तिकीट घेतल्याबरोबर मागे नाव, पत्ता लिहून सही करा आणि दोन्ही बाजूंचा फोटो काढा. तिकीट सामायिक असेल तर कुणी किती रुपये दिले ते सोडतीच्या आधी कागदावर लिहून सर्वांच्या सह्या घ्या. मित्रांमध्ये कसले लिखापढीचे, असे वाटते. पण नंतर केलेल्या कागदाला तेवढे वजन राहत नाही.

नुसत्या शब्दावर भागल्याचे उदाहरणही आहे. २०२१ मध्ये केरळात एका विक्रेतीने उधारीवर बाजूला ठेवलेल्या तिकिटाला ६ कोटी लागले. तिकीट तिच्याच हातात होते, तरी तिने ते गिऱ्हाइकाला नेऊन दिले. असा विक्रेता प्रत्येकाला भेटेल असे धरून चालू नका. मुंबईजवळ २०१८ मध्ये उलट घडले. एकाला कोटीचे बक्षीस लागले, पण त्याच क्रमांकाची आणखी तिकिटे घेऊन इतर लोकही हजर झाले, आणि प्रकरण बनावट तिकिटांच्या तक्रारीवर गेले. तिकीट अधिकृत विक्रेत्याकडूनच घ्यायचे ते याचसाठी.

लॉटरी (विनियमन) अधिनियम, १९९८ प्रमाणे तिकिटावर राज्य सरकारचे चिन्ह हवे, सोडत सरकारने स्वतः काढायला हवी, आणि मुदतीत न मागितलेले बक्षीस सरकारजमा होते. केरळात ही मुदत ३० दिवसांची आहे. इतर राज्यांची तिकिटामागे वाचा. गल्लीत चिठ्ठीवर आकडा लिहून देणाऱ्याकडे यातले काहीच नसते. भारतीय करार अधिनियमाच्या कलम ३० नुसार पैजेचे पैसे कोर्टातून वसूल होत नाहीत, त्यामुळे त्याने हात वर केले की तुमचा दावा तिथेच संपला.

आता कर. बक्षीस दहा हजारांच्या वर असेल तर ३० टक्के टीडीएस कापूनच रक्कम हाती येते. एक लाखाचे ७०,००० होतात, आणि विवरणपत्र भरताना करावर ४ टक्के उपकर, म्हणजे १,२०० रुपये, वेगळे भरावे लागतात. मूळ सूट मिळत नाही, तिकिटांचा खर्चही वजा होत नाही. पाच जणांचे बक्षीस एकाने स्वतःच्या पॅनवर घेतले, तर सगळे उत्पन्न त्याच्याच नावावर दिसते. वाटणीचा कागद इथेही कामाला येतो.

शाखेत आम्हाला जास्त धास्ती वाटते ती वेगळ्याच गोष्टीची. ‘बक्षीस तुमच्या खात्यात घ्या, थोडे तुम्ही ठेवा’ किंवा ‘तिकीट मला द्या, बक्षिसापेक्षा जास्त रोख देतो’ असे कुणी म्हणाले, तर त्याला आपला काळा पैसा पांढरा करायचा असण्याची शक्यता मोठी. चौकशी आली की नाव तुमचे निघते.

आणि तिकीटच न घेता आलेले बक्षीस? केबीसीच्या किंवा परदेशी लॉटरीच्या नावाने फोन येतो, आधी ‘कर’ किंवा ‘फी’ भरा म्हणतात. खऱ्या बक्षिसातून कर कापला जातो, आधी भरून घेतला जात नाही. रिझर्व्ह बँक सामान्य माणसाचे खाते उघडत नाही, त्यामुळे ‘रिझर्व्ह बँकेत तुमचे पैसे पडून आहेत’ हे खोटेच. परदेशी लॉटरीसाठी पैसे बाहेर पाठवायला तर फेमाखाली मनाई आहे. पैसे गेलेच असतील तर लगेच १९३० वर फोन करा आणि शाखेतही कळवा, म्हणजे समोरच्या खात्यातली रक्कम अडवण्याचा प्रयत्न करता येतो.